परभाषेच्या रंगमंचावर

हाताला कसब असले की माणूस कोठेही पोट भरतो, हे पिंपरी-चिंचवडच्या कारखान्यांत ज्यांची हयात गेली त्यांना पटवून द्यावे लागत नाही. आमच्या खात्यातला टर्नर उद्या परदेशी गेला, तरी लेथ तेच असते, मायक्रोमीटर तोच असतो, आणि मिलिमीटरचा शंभरावा भाग तिकडेही तेवढाच भरतो. ड्रॉइंग वाचता आले की निम्मे संभाषण उरकते. आमच्या धर्मग्रामातील ज्या मुली परिचारिका होऊन परदेशी गेल्या त्यांना भाषेची परीक्षा द्यावी लागली हे खरे. परंतु नाडी पाहणे आणि जखम बांधणे त्या येथूनच शिकून गेल्या होत्या. नटाचे मात्र तसे नाही. त्याची हत्यारे जिभेवर असतात. शब्द कोठे तोडावा, कोठे लांबवावा, कोणत्या अक्षरावर प्रेक्षक हसेल आणि कोणत्या विरामाला त्याच्या घशात आवंढा दाटेल, हे सारे ज्ञान त्याने एका भाषेत मिळवलेले असते आणि त्या भाषेच्या वेशीबाहेर ते नाणे चालत नाही. परक्या विमानतळावर उतरताक्षणी तो मुका होतो.

असा मुका झालेला माणूस परदेशात नट म्हणून उभा राहू शकतो काय, हा प्रश्न २०२१ च्या हिवाळ्यात आमच्या घरात आला. तो पुस्तकातून आला असता तर आम्ही त्यावर चार विद्वत्तापूर्ण वाक्ये बोलून मोकळे झालो असतो. पण तो आमच्या सख्ख्या भाच्याच्या रूपाने आला, आणि त्याचे उत्तर द्यावयाचे काम मामा या नात्याने आमच्यावर येऊन पडले.

आमची ताई आणि दाजी मूळचे तेव्हाच्या अहमदनगर जिल्ह्यातील. त्या पिढीतील कितीतरी ख्रिस्ती कुटुंबांप्रमाणे तेही दुष्काळाला कंटाळून पिंपरीच्या कारखान्यांकडे वळले. दाजी फिटर. परंतु त्यांची खरी ओळख कामगार वसाहतीत होती ती नट म्हणून. महाराष्ट्र कामगार कल्याण मंडळाच्या नाट्यस्पर्धेत ते बरीच वर्षे उतरत. दुसरी पाळी रात्री सुटायची, मग तालीम. पाळी बदलून घेण्यासाठी सोबत्यांची मनधरणी करावी लागे. प्रयोगाच्या दिवशी एखाद्याचा बदली कामगार आला नाही तर साऱ्या मंडळींच्या तोंडचे पाणी पळे. त्या नाटकांतून दाजींना एक पैसा मिळाला नाही. मिळाली ती दोन प्रशस्तिपत्रके. ताईने ती देव्हाऱ्याशेजारच्या भिंतीवर लावली आहेत. पुढे मुले झाली, जादा कामाचे तास वाढले आणि दाजींचे नाटक कधी सुटले हे त्यांनाही नेमके सांगता येत नाही.

त्यांचा हा धाकटा मुलगा. धर्मग्रामाच्या युवक मंडळाने शुभ शुक्रवारी प्रभूच्या दुःखसहनाचे नाट्य बसवले तेव्हा तो आठवीत होता. त्याच्या वाट्याला आला कुरेनेकर शिमोन. शुभवर्तमानात शिमोनाच्या तोंडी एकही शब्द नाही. शेतावरून येणारा हा परगावचा माणूस. शिपाई त्याला वेठीस धरतात, त्याच्या खांद्यावर क्रूस ठेवतात आणि तो चालू लागतो, एवढेच. पोराने घरी येऊन विचारले, "बाबा, मला बोलायलाच नाही. मी काय करू?" दाजी म्हणाले, "क्रूस आधी जड आहे का हलका, ते ठरव. मग पाय कसे टाकायचे ते तुझे तुला कळेल." नाट्यशिक्षणाची पुस्तके आम्ही पुढे पुष्कळ चाळली. इतका नेमका धडा फार थोड्या ठिकाणी वाचावयास मिळाला.

पुढचे सारे आपल्या भागातील शेकडो मुलांसारखे. कांद्याच्या बाजारासाठी ओळखले जाणारे चाकण आमच्या डोळ्यांदेखत मोटारींचे गाव झाले. मर्सिडीज-बेंझच्या गाड्या १९९५ पासून टेल्कोच्या आवारात जुळवल्या जात. २००९ मध्ये त्या कंपनीचा स्वतःचा कारखाना चाकणला उभा राहिला, आणि त्याच वर्षी फोक्सवॅगनचेही उत्पादन तेथे सुरू झाले. मागोमाग सुटे भाग करणारे कारखाने आले, आणि त्यांच्या मागोमाग चिंचवड-निगडीत जर्मन भाषेचे वर्ग. भाचा अभियंता झाला, चाकणमध्ये लागला, भाषेच्या दोन परीक्षा पास झाला आणि २०१७ मध्ये पूर्व जर्मनीतील एका शहरात नोकरीवर गेला. ताईने साऱ्या गल्लीत पेढे वाटले.

तेथे त्याने शनिवार-रविवारी नाटक धरले. जर्मनीत अनेक शहरांत नागरिकांचे रंगमंच असतात. ड्रेस्डेनच्या राज्य नाट्यगृहाने २००९ मध्ये असा एक विभाग उघडला. शिंपी, शिक्षक, बेकार, निर्वासित अशा साध्या माणसांनी व्यावसायिक दिग्दर्शकाच्या हाताखाली, खऱ्या रंगमंचावर काम करावयाचे. इतरत्रही तशा मंडळ्या निघाल्या. भाच्याने आपल्या शहरातील मंडळीत दोन वर्षे काढली. २०२१ मध्ये त्याला स्थायी वास्तव्याचा परवाना मिळाला. तोवर नोकरी सोडणे म्हणजे देश सोडणे होते. परवान्याने ती बेडी निघाली, आणि दुसऱ्याच महिन्यात त्याने फोन केला. कारखान्यात अर्धवेळ काम करावयाचे आणि उरलेला वेळ शहराच्या नाट्यगृहाच्या बालविभागात नट म्हणून करार करावयाचा, असे त्याने योजले होते.

"मामा, तुम्ही मला काय वाटेल ते विचारा. पण आईला आधी घाबरवू नका," तो म्हणाला.

आम्ही घाबरवण्याआधीच ताई घाबरली होती. "अरे, इथं पाळीची बस दाराशी येते. आणि हा तिकडं जाऊन लहान मुलांपुढं ससा होणार? ते सुद्धा त्यांच्या भाषेत? त्याचं मराठी तरी कोणी नीट ऐकून घेतं का?" शेवटचा प्रश्न जरा अन्यायाचा होता. परंतु त्याच्या पोटात जी भीती होती ती खोटी नव्हती.

म्हणून आम्ही त्या देशातील नाट्यव्यवसाय समजून घेण्याच्या मागे लागलो. वाचकांना नवल वाटेल अशी पहिली गोष्ट पैशाची आहे. जर्मनीत सार्वजनिक खर्चाने चालणारी सुमारे १४० नाट्यगृहे आहेत. आपल्या महानगरपालिकेनेही नाट्यगृहे बांधली आहेत. चिंचवडचे प्रा. रामकृष्ण मोरे प्रेक्षागृह आणि संत तुकारामनगरचे आचार्य अत्रे रंगमंदिर आपणांस ठाऊकच आहे. परंतु आपल्याकडे पालिका इमारत देते, नट देत नाही. तारीख मिळाली की मंडळी टेम्पोतून नेपथ्य घेऊन येतात आणि रात्री तेच गुंडाळून पुढच्या गावी जातात. तिकडे नगरपालिका इमारतीबरोबर नट, गायक, सुतार, शिंपी आणि प्रकाशयोजनाकार यांनाही पगारावर ठेवते. एकच संच आज ग्यॉटे करतो, उद्या शेक्सपिअर, परवा मुलांचे नाटक. नटाला आजारपणाची रजा असते. जे कोणत्याही संचात नाहीत अशा स्वतंत्र कलावंतांसाठी १९८३ पासून सामाजिक विम्याची स्वतंत्र व्यवस्था आहे. हप्त्याचा निम्मा भाग कलावंत भरतो, उरलेला सरकार आणि त्याची कला वापरणाऱ्या संस्था.

स्वर्ग मात्र नव्हे. करार बहुधा वर्षाचा असतो. पुढील हंगामात तुमची गरज नाही, हे नटाला आदल्या ३१ ऑक्टोबरपर्यंत कळवावे लागते. तसे पत्र न आल्यास करार आपोआप वर्षभर वाढतो. एकाच नाट्यगृहात १५ वर्षे काढली तर नटाला सहसा काढता येत नाही, म्हणून चौदाव्या वर्षी पुष्कळांची पत्रे येतात. हे वाचून आम्हांस आमच्या भागातील हंगामी कामगारांची आठवण झाली. कायम होण्याच्या आदल्या महिन्यात ब्रेक देण्याची विद्या केवळ आपल्याकडचीच आहे असे आम्ही समजत होतो.

या व्यवस्थेमुळेच महायुद्धानंतर अमेरिकन गायकांचे तांडे जर्मनीत आले. स्वतःच्या देशात ज्यांना दोन प्रयोगांमध्ये हॉटेलात ताटे उचलावी लागत, त्यांना येथे एखाद्या मध्यम शहरातही बारमाही काम मिळे. परंतु गाणाऱ्याला पाठ केलेले शब्द सुरात टाकता येतात. बोलणाऱ्या नटाची परीक्षा अधिक कठीण. मॅसॅच्युसेट्समधील गेल टफ्ट्स ही कलावती १९९१ पासून बर्लिनमध्ये आहे. जर्मन व्याकरण शुद्ध होईपर्यंत थांबण्याऐवजी तिने आपली मोडकी, इंग्रजी मिसळलेली जर्मनच रंगमंचावर आणली, तिलाच आपली शैली केली आणि त्या बळावर जर्मन प्रेक्षकांना अनेक वर्षे हसवले. आम्ही हे भाच्याला सांगितले तेव्हा तो म्हणाला, "मामा, इंग्रजी मिसळली की त्यांना गंमत वाटते. मराठी मिसळली तर गंमतही कळणार नाही." त्याचे म्हणणे बरोबर होते. सर्व परकेपणांना सारखा भाव नसतो.

मग आम्ही उलट दिशेने शोध घेतला. जर्मन नट परदेशी गेले तेव्हा त्यांचे काय झाले?

१९३३ मध्ये हिटलर सत्तेवर येताच नाटककार बेर्टोल्ट ब्रेख्त आणि त्यांची पत्नी, थोर अभिनेत्री हेलेना वायगेल, यांनी देश सोडला. डेन्मार्क, स्वीडन, फिनलंड असे करीत १९४१ मध्ये ते अमेरिकेस पोहोचले. लेखकाला निदान वहीत लिहिता येते. वायगेलच्या वाट्याला स्वयंपाकघर आले. अमेरिकेतील सहा वर्षांत या बाईला मिळाली ती १९४४ च्या 'द सेव्हन्थ क्रॉस' या चित्रपटातील एक लहानशी भूमिका, आणि तीही एका शब्दाची नाही. त्याआधी १९३९ मध्ये, स्वीडनमध्ये असताना, ब्रेख्तने 'मदर करेज आणि तिची मुले' लिहिले. युद्धाच्या मागे गाडा ओढीत धंदा करणारी आई आणि तिची तीन मुले. त्यांतील मुलगी कात्रिन मुकी आहे. अभ्यासक सांगतात की ती मुकी झाली यामागे एक अगदी व्यावहारिक कारण होते: परदेशी भाषेत प्रयोग झाला तरी त्यात वायगेलला काम करता यावे.

ही हकिकत कळली तेव्हा आम्ही बराच वेळ स्वस्थ बसून राहिलो. पत्नीची भाषा हिरावली गेली म्हणून नवऱ्याने तिच्यासाठी एक मुके पात्र निर्माण केले. आणि ते पात्र नाटकातील सर्वांत मोठ्या आवाजाचे ठरले. शेवटी शत्रू रात्री झोपलेल्या शहरावर चालून येतो तेव्हा ही मुकी मुलगी छपरावर चढते, शिडी वर ओढून घेते आणि नगारा बडवू लागते. शहर जागे होते. तिला गोळी लागते.

वायगेलच्या नशिबी ती भूमिका आली नाहीच. युद्ध संपल्यावर ती परतली आणि जानेवारी १९४९ मध्ये बर्लिनला तिने त्याच नाटकात आईचे काम केले, आपल्या स्वतःच्या भाषेत. गंमत अशी की त्या प्रयोगातील जो क्षण आजही नाट्यशाळांत सांगितला जातो तो निःशब्द आहे. मुलाला गोळ्या घातल्याचा आवाज येतो आणि आई तोंड उघडून ओरडते, पण आवाज बाहेर फुटत नाही. पंधरा-सोळा वर्षांच्या मुकेपणाचा तो ठेवा असावा, असे आम्हांस वाटते. याला पुरावा विचाराल तर आमच्याजवळ नाही.

आम्ही ही गोष्ट ताईला सांगितली. तिने शांतपणे ऐकली आणि म्हणाली, "तिचा नवरा लेखक होता. याचं कोण आहे तिकडं?"

या प्रश्नाला उत्तर होते. ते आम्हांस आपल्या मराठी रंगभूमीनेच दिले. जर्मनीतील वायमार शहराच्या राष्ट्रीय नाट्यगृहातले दिग्दर्शक फ्रिट्झ बेनेविट्झ १९७० मध्ये प्रथम दिल्लीला आले आणि त्यांनी ब्रेख्तचे 'तीन टके का स्वांग' हिंदीत केले. त्यानंतर १९९५ मध्ये मृत्यू येईपर्यंत ते पुन्हापुन्हा भारतात येत राहिले आणि हिंदी, मराठी, बंगाली, कन्नड नटांबरोबर त्यांनी नाटके बसवली. यांतील एकही भाषा त्यांची नव्हती. मुंबईत विजया मेहता यांच्यासह त्यांनी ब्रेख्तचे 'कॉकेशियन चॉक सर्कल' मराठीत आणले, चिं. त्र्यं. खानोलकरांनी त्याला 'अजब न्याय वर्तुळाचा' हे रूप दिले. मग उलटा प्रवास झाला. विजयाबाई जर्मनीला गेल्या आणि तेथील व्यावसायिक नटांना घेऊन त्यांनी जर्मन भाषेत 'मुद्राराक्षस', 'शाकुंतल' आणि गिरीश कार्नाडांचे 'हयवदन' उभे केले. ज्या मराठी बाईंनी मुंबईत 'रंगायन' उभारले, त्यांनी वायमारच्या नटाला चाणक्य कसा चालतो हे दाखवले. त्यांना भाषा येत होती म्हणून हे झाले नाही. समोरच्या माणसांना त्यांच्याकडून शिकावयाचे होते, आणि बेनेविट्झसारखा एक मित्र दोन्ही बाजूंना हात देऊन मध्ये उभा होता, म्हणून झाले.

'अजब न्याय वर्तुळाचा' ही कथा आपल्या वाचकांना ओळखीची वाटेल, कारण तिची सख्खी बहीण पवित्र शास्त्रात आहे. शलमोन राजासमोर दोन बाया एका बाळासाठी भांडत येतात. राजा तलवार मागवतो; जी म्हणते बाळ तिला द्या पण मारू नका, ती खरी आई. ब्रेख्तच्या नाटकात तलवारीऐवजी खडूचे वर्तुळ आहे. बाळ वर्तुळात उभे, दोन्ही बाजूंनी दोन बाया हात धरून ओढणार. एक जन्मदाती, जी राजवाड्यातून पळताना लुगड्यांच्या नादात बाळ मागे टाकून गेली. दुसरी मोलकरीण ग्रुशा, जिने ते डोंगरदऱ्यांतून वाढवले. ग्रुशा हात सोडते, आणि न्यायाधीश बाळ तिलाच देतो. शलमोनाच्या न्यायात जन्म आणि माया एकाच बाईकडे निघाल्या; येथे त्या दोन बायांत वाटल्या गेल्या, आणि न्याय मायेच्या बाजूने लागला.

आमच्या धर्मग्रंथावर ही कुरघोडी आहे असे मानणारे आमचे एक स्नेही आहेत. आम्हांस तसे वाटत नाही. परंतु भाच्याच्या प्रकरणात आम्ही तिचा विचार फार केला. मराठी त्याची जन्मदाती. जर्मन भाषेने त्याला उशिरा, धापा टाकीत, पण रोज घास भरवून वाढवले. दोघींनी ओढावे आणि तो मध्ये फाटावा, हे आम्हांस नको होते. ताईचा हात घट्ट होता. ती सोडेल अशी आमची अपेक्षाही नव्हती. आईने हात सोडावा हे नाटकात शोभते.

ज्या धाग्याने भाच्याला ते काम मिळवून दिले तोही पुण्यातलाच निघाला. बर्लिनचे ग्रिप्स थिएटर १९६९ पासून मुलांसाठी खऱ्या आयुष्यातील नाटके करते. त्यांत परी-राक्षस नसतात, घरमालक, शाळा, आईबापांची भांडणे असतात, आणि मुलांची कामे मोठी माणसे करतात. १९८६ मध्ये तेथील दिग्दर्शक वोल्फगांग कोल्नेडर पुण्याला आले आणि डॉ. मोहन आगाशे यांच्या पुढाकाराने थिएटर अकादमीने 'छान छोटे वाईट मोठे' केले. मराठीत ही चळवळ रुजली आणि पुढे अनेक वर्षे चालली. भाचा आठ-नऊ वर्षांचा असताना आम्हीच त्याला एका रविवारी लोकलने पुण्याला असे एक नाटक दाखवावयास नेले होते. मोठा मिशीवाला माणूस अर्धी चड्डी घालून रडतो हे पाहून तो इतका हसला की पुढच्या रांगेतील बाईंनी मागे वळून पाहिले. जर्मन नाट्यगृहात चाचणीच्या वेळी त्याला विचारले गेले की लहान मुलांसाठी काम करण्याची कल्पना तुम्हाला कोठून सुचली. त्याने सांगितले, तुमच्याच ग्रिप्समधून, पण मराठीत. चाचणी घेणाऱ्यांनी आपापसांत पाहिले आणि त्याला मराठीत काहीतरी करून दाखवावयास सांगितले. त्याने शिमोन केला. खांद्यावर काही नसताना, एकही शब्द न उच्चारता तो खोलीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत चालत गेला.

"अरे, पण त्यांनी मराठीत सांगितले होते ना?" आम्ही विचारले.

"मराठीतच चाललो, मामा," तो म्हणाला.

परदेशी माणसाला तो समाज किती आत घेतो, हे मात्र अजून तपासावयाचे होते. त्या बाबतीत आपल्या वाचकांना जवळचे वाटेल असे ठिकाण म्हणजे बव्हेरियातील ओबरआमरगाउ हे खेडे. १६३३ च्या प्लेगमध्ये या गावाने नवस केला की मरी थांबली तर आम्ही प्रभूच्या दुःखसहनाचे नाट्य करीत राहू. १६३४ मध्ये पहिला प्रयोग झाला आणि काही खंड सोडता दर दहा वर्षांनी तो होत आला आहे. निम्मे गाव त्यात काम करते. आदल्या वर्षीच्या राखेच्या बुधवारपासून पुरुष केस आणि दाढी कापत नाहीत. प्रयोग पाच तासांचा, मध्ये जेवणाची सुटी. २०२० चा प्रयोग कोरोनामुळे २०२२ मध्ये झाला. नियम कडक: भूमिका करावयाची तर जन्म गावचा हवा, नाहीतर गावात २० वर्षांचे वास्तव्य हवे. विवाहित आणि पस्तिशीपुढील स्त्रियांना तर न्यायालयाच्या निर्णयामुळे १९९० मध्ये प्रथम प्रवेश मिळाला.

वीस वर्षे! ताईला हा आकडा आम्ही सांगितला नाही. परंतु त्याच गावात २०२२ च्या प्रयोगात यहूदाची भूमिका चेंगिझ ग्योरुर या तुर्की वंशाच्या मुसलमान तरुणाने केली. सहदिग्दर्शक अब्दुल्ला कराजा हेही तुर्की कुटुंबातील. दोघेही त्याच गावचे. परक्याच्या पोरांना यहूदाच दिला, असा छद्मी शेरा आमच्या परिचितांपैकी एकाने मारला. नाटकातील सर्वांत अवघड भूमिका कोणती हे त्या गृहस्थांना ठाऊक नसावे. भाच्याने तिकीट काढून तो प्रयोग पाहिला आणि रात्री आम्हांस लांबलचक निरोप पाठवला. त्यातील बराचसा भाग शिमोनाविषयी होता. आपल्याकडचा क्रूस जास्त जड होता, असे त्याचे मत पडले.

शेवटी घरची बैठक झाली ती २०२२ च्या झावळ्यांच्या रविवारी, मिस्सानंतर. ताई, दाजी, आम्ही उभयता आणि फोनच्या पडद्यावर भाचा. ताईने सारे प्रश्न पुन्हा विचारले. अर्ध्या पगारात भागेल का? लग्नाचे काय? आजारी पडलास तर? मराठी विसरशील का? त्याने एकेकाचे उत्तर दिले. काही उत्तरे तिला पटली, लग्नाचे पटले नाही. दाजी तोवर काही बोलले नव्हते. सर्वांचे बोलणे संपल्यावर त्यांनी विचारले, "तालीम किती वाजता असते?"

"सकाळी दहाला, बाबा. दोनपर्यंत."

"दिवसा?"

"दिवसाच."

दाजी थोडा वेळ गप्प राहिले. "दिवसाउजेडी तालीम," ते ताईकडे वळून म्हणाले, "आणि तिचा पगार. आपल्याला कधी मिळाला नाही. त्याला देताहेत तर घेऊ दे." आम्ही महिनोन्महिने जमवलेली सारी माहिती त्या एका वाक्यापुढे फिकी पडली, याचे आम्हांस मुळीच वाईट वाटले नाही.

जानेवारी २०२४ मध्ये शंभरावे अखिल भारतीय मराठी नाट्यसंमेलन आपल्याच पिंपरी-चिंचवडमध्ये भरले. भाचा तेव्हा नाताळच्या सुटीवर आलेला होता. अध्यक्ष होते डॉ. जब्बार पटेल, ज्यांनी 'घाशीराम कोतवाल' आणि पु. ल. देशपांड्यांनी ब्रेख्तवरून रचलेला 'तीन पैशाचा तमाशा' दिग्दर्शित केला. 'घाशीराम' १९८० मध्ये युरोपात गेले तेव्हा जर्मन प्रेक्षकांना मराठीचा एक शब्द कळत नव्हता. ब्राह्मणांची ती डोलणारी मानवी भिंत मात्र कळली. पेशाने ते बालरोगतज्ज्ञ. त्यांच्या पिढीतील डॉ. लागू शल्यविशारद, डॉ. आगाशे मनोविकारतज्ज्ञ. मराठी रंगभूमी कित्येक वर्षे दुसऱ्या व्यवसायांच्या पगारावर जगली, हे संमेलनाच्या मांडवात बसून भाच्याला सांगताना दाजींच्या आवाजात कडवटपणा नव्हता. ते त्याला फिटरखात्याची गोष्ट सांगावी तसे सांगत होते.

त्याचे जर्मन अजूनही परकेच ऐकू येते. एकदा प्रयोगानंतर सहा-सात वर्षांच्या एका मुलीने त्याला विचारले, तू असा का बोलतोस? त्याने सांगितले, मी आधी दुसरे बोलायचो. तिने ते बोलून दाखवावयास सांगितले. त्याने तिला मराठीत एक ते दहा म्हणून दाखवले. पुढच्या रविवारी ती आजीला घेऊन पुन्हा आली आणि दारातच 'एक, दोन, तीन' म्हणाली. चार तिला आठवेना.

त्याचा करार दर वर्षीचा आहे. ताईने कालनिर्णयावर ३१ ऑक्टोबरला लाल पेन्सिलीने खूण केलेली असते. सर्व संतांच्या सणाची ती आदली संध्याकाळ, म्हणून तारीख तिच्या ध्यानात राहते. गेल्या वर्षी त्या रात्री आम्ही त्यांच्याकडेच होतो. जेवणाची ताटे मांडली होती आणि ती फोन कानाला लावून उभी होती.

"पत्र आलं का रे?"

तिकडून काहीतरी उत्तर आले.

"नाही ना? बरं झालं," ती म्हणाली, आणि फोन ठेवून दाजींना भाकरी वाढू लागली.